लोणासुराला उल्का करू नका

लोणारच्या खाऱ्या पाण्याच्या विवर-सरोवराबद्दल एक मेसेज दर पावसाळ्यात फिरत येतो. आमच्या बुलढाणा जिल्ह्यातल्या जवळपास प्रत्येक ग्रुपवर तो पडतो. 'लोणासुराची कथा म्हणजे आपल्या पूर्वजांनी पाहिलेला उल्कापात. लोणासुर म्हणजे उल्का, विष्णू म्हणजे तिची ऊर्जा.' खाली शंभर हात जोडलेले. पाठवणाऱ्यांचा हेतू चांगला असतो, लोणारचा अभिमान असतो, हे मला कळतं. तरीही मेसेज वाचला की जीव तुटतो, कारण तो खरा करायच्या नादात गोष्टीचीच मोडतोड होते.

आधी गोष्ट नीट आठवू. लोणासुर, म्हणजे लवणासुर, जमिनीखाली दडून राहायचा. वर यायचा, लोकांना छळायचा आणि पुन्हा खाली गडप व्हायचा. ठिकाणा कुणालाच लागेना. मग विष्णूनं देखण्या तरुणाचं रूप घेतलं, दैत्यसूदन त्याचं नाव. त्यानं असुराच्या दोन बहिणींना मोहात पाडलं आणि त्यांच्याच तोंडून भावाचा ठिकाणा काढून घेतला. पायाच्या अंगठ्यानं बिळावरचं झाकण उडवलं आणि आत झोपलेल्या लोणासुराला मारलं. सरोवराचं पाणी म्हणजे त्याचं रक्त, त्यातला खार म्हणजे त्याचं कुजलेलं मांस. उडालेलं झाकण नैर्ऋत्येला 36 मैलांवर ढाकेफळजवळ जाऊन पडलं. तिथली टेकडी तीच, म्हणतात.

यात आकाशातून काय पडलं? काहीच नाही. दैत्य खाली आहे आणि झाकण वर उडतं. सगळी हालचाल जमिनीतून बाहेरच्या दिशेची. उल्कापात म्हणायचा तर गोष्ट उलटी करावी लागते. आणि गंमत अशी की 1823 मध्ये अलेक्झांडर या इंग्रज अधिकाऱ्यानं या विवराची नोंद केली, त्यानंतर कितीतरी वर्षं भूगर्भशास्त्रज्ञही हा ज्वालामुखीचाच खड्डा मानत होते. खालून वर. आमच्या आजी-पणजीचा अंदाज आणि त्यांचा अंदाज एकाच दिशेचा होता. 1973 च्या सुमारास इथल्या खडकात मास्केलिनाइट हे काचेसारखं द्रव्य सापडलं. प्रचंड आघाताशिवाय ते तयार होत नाही. तेव्हा उल्केवर शिक्कामोर्तब झालं. वयाचा आधीचा अंदाज 52,000 वर्षांचा होता, नंतरच्या मोजणीत तो 5,70,000 वर्षांवर गेला. कोणता पूर्वज, कोणत्या भाषेत हे सांगून गेला असेल?

मग गोष्टीत काय आहे? माझ्या मते त्यात फार बारीक निरीक्षण आहे. सुमारे 1.8 किलोमीटर रुंद, काठापासून तळ्यापर्यंत जवळपास 137 मीटर खोल असा गोल खड्डा. त्यात खारं पाणी. आणि त्याच खड्ड्याच्या कडेवर गोमुखातून बारमाही पडणारी गोड्या पाण्याची धार! खाली कमळजा देवीच्या देवळापाशी सासू-सुनेची विहीर. एका बाजूचं पाणी गोड, दुसऱ्या बाजूचं खारट. तळ्याची पातळी चढली की ती पाण्याखाली जाते, उतरली की दिसते. एकीकडून झरा, दुसरीकडून सरोवर, एवढंच त्यामागचं कारण. पण खारं आणि गोड पाणी एका विहिरीत नांदताना पाहून ज्या बाईला पहिल्यांदा सासू-सून आठवली, तिला माझा साष्टांग नमस्कार.

खाराशी तर इथल्या माणसांचा रोजचा व्यवहार होता. दल्ला, खुप्पल, पापडी, भुस्की अशी क्षाराच्या प्रकारांना वेगवेगळी नावं होती. साबण आणि काचेसाठी इथला माल जातो, हे आईन-ए-अकबरीतही नोंदलंय. ज्यांनी हा खार हातानं गोळा केला, त्यांनीच त्याला असुराचं मांस म्हटलं. ही कल्पना घरबसल्या सुचणारी नाही.

जून 2020 मध्ये पाणी गुलाबी झालं, तेव्हा वर्तमानपत्रांच्या आधी गावात 'लोणासुराचं रक्त वर आलं' ही बातमी पसरली असती तर मला आनंदच झाला असता. पुण्याच्या आघारकर संस्थेनं तपासलं तर खारट पाण्यात वाढणारे सूक्ष्मजीव निघाले. पाणी आटून क्षार वाढले आणि त्यांच्या रंगद्रव्यानं तळं रंगलं. नमुना ठेवून दिला की जीव तळाशी बसायचे आणि वर पाणी नितळ व्हायचं. हे वाचताना मला तीच गोष्ट आणखी आवडायला लागली. दोन्ही शेजारी-शेजारी राहू शकतात. एकीनं दुसरीचा दाखला आणायची गरज नाही.

आता मेहकरची गोष्ट, कारण ती फार कमी लोक सांगतात. मेहकरात कंचनीचा महाल म्हणून पडकी वास्तू आहे. कंचनी कलावंतीण, लोणारच्या कमळजेची भक्त. देवीचा दिवा आपल्या गच्चीवरून दिसावा म्हणून तिनं मजल्यावर मजले चढवायला घेतले. देवी कोपली आणि काम तिथंच थांबलं. मेहकर ते लोणार वीस-पंचवीस किलोमीटर. पण अंतराचं सोडा. कमळजेचं देऊळ विवराच्या तळाशी, पाण्याच्या काठावर आहे. तिचा दिवा बघायचा तर विवराच्या काठावरच यावं लागतं. मेहकरात कितीही मजले चढवा, तो दिसणारच नाही! ज्यानं ही गोष्ट रचली त्यानं ते देऊळ पाहिलेलं होतं, याची मला खात्री आहे. कंचनीची सगळी तगमग त्या एका गोष्टीत आहे. पण तिच्यावर मेसेज फिरत नाही, कारण त्यातून कुठलाही शोध सिद्ध होत नाही.

आमच्याच जिल्ह्यातल्या भेंडवळ गावच्या घटमांडणीचंही तेच. अक्षय्य तृतीयेला शेतात 18 धान्यांचा घट मांडतात. मध्ये खड्ड्यात पाण्याची घागर, पावसाच्या चार महिन्यांची चार ढेकळं, त्यावर पापड-कुरडई-सांडई. दुसऱ्या दिवशी पहाटे काय हललं, काय भिजलं ते बघून पीकपाणी सांगतात. जाऊन बघा, लोकांच्या चेहऱ्यावरची ती वाट बघणी बघा. पण 'विज्ञानापेक्षा अचूक' म्हणून पुढे पाठवू नका. ते वाचून पेरणी करणाऱ्याचं बियाणं जातं, पाठवणाऱ्याचं काही जात नाही.

आमच्याकडे लहानपणी 'हे खरं आहे का?' विचारलं की उत्तर मिळायचं, "गोष्ट हाये बाप्पा, ऐक न." तेवढं पुरायचं. लोणारला येणाऱ्या सहलीच्या पोरांना मास्केलिनाइटही सांगा आणि दैत्यसूदनाच्या देवळात नेऊन मूर्तीच्या पायाखालचा दैत्यही दाखवा. फक्त एकाला दुसऱ्याचे कपडे घालू नका.

लोणार, मेहकर, सिंदखेडराजा, देऊळगावराजा भागातल्या मंडळींना एक विनंती. लोणासुराच्या त्या दोन बहिणींचं पुढे काय झालं, ते तुमच्या घरी कसं सांगतात? मला वेगवेगळं ऐकायला मिळालंय. भावाचा घात आपल्या तोंडून झाला हे कळल्यावर त्या काय म्हणाल्या, कुठे गेल्या? आजी असेल घरात तर तिला विचारा आणि तिच्याच शब्दांत, तिच्याच वऱ्हाडीत लिहा. गावाचं नाव तेवढं नक्की टाका.