फक्त 'दीवा' म्हणून सोडून देऊ नका

तुमचा लेख छान, पण अभिनेत्री फ्रान्चेस्का बेर्तिनीची ओळख 'मूकपटांच्या काळातली इटालियन दीवा' (म्हणजे बडी तारका) एवढ्यावरच उरकलीत, ते खटकलं. तिच्या १९१५च्या 'आस्सुन्ता स्पिना' या चित्रपटाच्या दिग्दर्शनाबद्दल तर लेखात अवाक्षर नाही. श्रेय बरीच वर्षं एकट्या गुस्तावो सेरेनाच्या नावावर होतं. तो त्यात नायकही होता, आस्सुन्ताचा, म्हणजे नायिका बेर्तिनीचा, चेहरा चाकूने फाडणारा मत्सरी खाटीक. पण पुढे खुद्द सेरेनानेच कबूल केलं की सेटवर सूत्रं बेर्तिनीच्या हातात होती. गर्दीतल्या माणसांना उभं करणं, कॅमेरा कुठे ठेवायचा ते सांगणं, प्रसंग मनासारखा उतरला नाही तर पुन्हा घ्यायला लावणं, सगळं तीच करायची. नायकच साक्ष देतोय म्हटल्यावर आणखी काय पुरावा हवा?

आणि चित्रपट बघा हो एकदा! नेपल्सचे खरेखुरे रस्ते, मागे समुद्र, शाल ओढून चालणारी ती. दीवा म्हटलं की पडद्याला लोंबकळून उसासे टाकणारी बाई डोळ्यांपुढे येते (तसंही तिने भरपूर केलंय म्हणा). इथे मात्र साधी इस्त्रीवाली आहे. इटलीत नववास्तववाद (खऱ्या रस्त्यांवर साध्या माणसांच्या गोष्टी सांगणारी चित्रपटांची धाटणी) यायला तेव्हा तीस वर्षं होती.

१९२१मध्ये तिने स्विस बँकर पॉल कार्तिएशी लग्न केलं आणि कारकीर्द ओसरत गेली. म्हातारपणी दिग्दर्शक बेर्तोलुच्चीच्या 'नोवेचेंतो' या चित्रपटात (१९७६) ती जोगीण (नन) म्हणून दिसते. मी तो दोनदा पाहिलाय, दोन्ही वेळा तिला ओळखलं नाही!