'पहिली बाई' एवढ्यावर अलिस गीची बोळवण नको

अलिस गीचं नाव निघालं की एकच वाक्य कानावर पडतं, 'जगातली पहिली स्त्री दिग्दर्शक.' खोटं नाही ते. पण एवढं बोलून विषय मिटवतात, त्याची चीड येते.

पॅरिसमध्ये कॅमेऱ्यांच्या धंद्यातल्या लिआँ गोमाँकडे ती सेक्रेटरी होती. मार्च १८९५ मध्ये ल्युमिएर बंधूंचं हलत्या चित्रांचं प्रात्यक्षिक दोघांनी पाहिलं. साहेबांना यंत्रात रस, हिच्या डोक्यात गोष्टी! गोष्टी चित्रित करायची परवानगी मिळाली, पण ऑफिसची पत्रं तुंबता कामा नयेत या अटीवर. कोबीच्या गड्ड्यांतून बाळं काढणाऱ्या परीची फिल्म तिच्या आठवणींप्रमाणे १८९६ ची. पुढे दहाएक वर्षं गोमाँचं चित्रनिर्मितीचं खातं तिनंच चालवलं. बोलपट यायच्या कितीतरी आधी ती तबकडीवरच्या आवाजाला चित्र जुळवत होती.

१९०६ मध्ये तिनं ख्रिस्ताचं आयुष्य पडद्यावर आणलं, पंचवीस प्रवेश आणि तीनेकशे माणसं घेऊन. (फाळक्यांनी मुंबईत पाहिलेला ख्रिस्तपट हाच, असं काही जण लिहितात; काहींच्या मते तो पाथे कंपनीचा. मला पहिलं खरं ठरलेलं आवडेल, पण आवडीनं इतिहास ठरत नाही.) आणि गंमत बघा, एवढ्या मोठ्या कामाचं श्रेय जॉर्ज सादूलसारख्या नावाजलेल्या इतिहासकारानं दिलं तिच्या सहायकाला, व्हिक्तोराँ जास्सेला. गोमाँ कंपनीच्या स्वतःच्या इतिहासात तर सुरुवातच होती १९०७ पासून. म्हणजे बाई लग्न करून अमेरिकेला गेली, त्या वर्षापासून!

तिकडे १९१० मध्ये तिनं सोलॅक्स कंपनी काढली, न्यू जर्सीत फोर्ट ली इथं स्टुडिओ बांधला. नटांसाठी तिथं पाटी होती, 'सहज वागा'. मूकपटातल्या हातवाऱ्यांच्या त्या काळात ही पाटी लावणारी व्यक्ती मला 'पहिली बाई'पेक्षा फार मोठी वाटते.

पुढे कंपनी बुडाली, संसार मोडला. १९२२ मध्ये ती फ्रान्सला परतली आणि त्यानंतर १९६८ मध्ये मरेपर्यंत एकही सिनेमा तिला करता आला नाही. स्वतःच्या फिल्म शोधत ती अमेरिकेत लायब्ररी ऑफ काँग्रेसपर्यंत गेली होती. आत्मचरित्र छापून आलं तेही १९७६ मध्ये.

तिचा एकच सिनेमा बघायचा तर 'स्त्रीवादाचे परिणाम' बघा, १९०६ चा, जेमतेम सात मिनिटांचा. पुरुष इस्त्री करतायत, पोरं सांभाळतायत, बायका कॅफेत बसून पितायत. शेवटी पुरुष बंड करून बायकांना हाकलतात. त्यामुळे हा स्त्रीवादावरचा टोमणा की पुरुषांना दाखवलेला आरसा, यावर अजून वाद आहे. माझं मत आरशाकडे. तुम्ही बघा आणि भांडायला या.