तीन इंचांचा हिशेब

नमस्कार. अमेरिकेच्या दक्षिणेतल्या १८८६ च्या गेजबदलावरच्या (गेज म्हणजे दोन रुळांमधलं अंतर) लेखाखाली तुम्ही मोठी प्रतिक्रिया लिहिलीत, म्हणून उत्तरही सविस्तर देतो. तुमचे आक्षेप थोडक्यात असे. ३१ मे आणि १ जून १८८६ या दोन दिवसांत सुमारे ११,५०० मैल लोहमार्ग ५ फुटांवरून ४ फूट ९ इंचांवर आणला, ही कंपन्यांनी पसरवलेली फुशारकी आहे. ४ फूट ९ इंच हे मुळात प्रमाण गेजच नाही. आणि हे काम इतकं सोपं असेल, तर आपल्याकडे गेजबदलाला दशकं का लागली? शेवटी तुम्ही लिहिलंय, "याचा फायदा नक्की कुणाला झाला, ते लेखात सोयीस्करपणे गाळलंय."

आकडा ऐकून शंका येणं साहजिक आहे. ११,५०० मैल म्हणजे साडेअठरा हजार किलोमीटर. पण एकूण लांबी बाजूला ठेवून एका माणसाच्या वाट्याला किती काम आलं ते बघा. लुईव्हिल अँड नॅशव्हिल या कंपनीने सुमारे २,००० मैलांसाठी सुमारे ८,००० माणसं लावली होती. म्हणजे मैलाला चार माणसं, माणशी पाव मैल. स्लीपर, म्हणजे रुळांखालचे आडवे लाकडी ओंडके, दोन-दोन फुटांवर धरले तर मैलाला २,६४० स्लीपर, आणि माणशी ६६०. या स्लीपरांवर रूळ धरून ठेवणारे सगळे खिळे त्या दिवशी उपटायचे आणि ठोकायचे असते, तर तुमचं म्हणणं बरोबर ठरलं असतं. तसं नव्हतं. बहुतेक काम आधीच उरकलेलं होतं.

सगळं गणित इथे आहे. दोन्ही रूळ हलवायचे नव्हते. एक रूळ जागच्या जागी, दुसरा ३ इंच आत. आता खिळ्यांचं बघा. त्या काळी रूळ स्लीपरवर धरून ठेवत ते साडेपाच इंची चौकोनी खिळ्यांनी, म्हणजे आपल्याकडच्या डॉग स्पाइकसारख्या. प्रत्येक स्लीपरवर रुळाच्या आतून एक, बाहेरून एक. चाकाच्या आतल्या बाजूची उंच कड रुळाला बाहेरच्या दिशेने रेटते, तो रेटा बाहेरचा खिळा घेतो. आतल्या खिळ्याचं काम रूळ उलटू न देणं एवढंच, त्यामुळे काही आठवडे आतले खिळे विरळ केले तरी गाडी सांभाळून चालवता येते. म्हणून आधीच्या दिवसांत आतले बरेचसे खिळे काढून टाकले, साधारण दर तिसऱ्या स्लीपरवरचा तेवढा ठेवला. वळणावर मात्र जास्त ठेवावे लागतात.

त्याच वेळी नवे आतले खिळे नव्या जागी, ३ इंच आत, ठोकून तयार ठेवले. चालू गाडीच्या चाकाला ते अडकत नाहीत, कारण चाकाची कड रुळाच्या माथ्याखाली इंच-सव्वा इंचच उतरते आणि खिळ्याचं डोकं पार खाली, रुळाच्या तळाशी असतं. हे खिळे मापानेच ठोकावे लागतात. फार खोल गेले तर रुळाचा तळ डोक्याखाली सरकत नाही, उंच राहिले तर रूळ ढिला बसतो.

दुसरी तयारी लाकडाची. वर्षानुवर्षं गाड्या धावल्या की रुळाचा तळ स्लीपरमध्ये रुततो आणि बाजूचं लाकूड उंच राहतं. रूळ तसाच आत ढकलला तर त्या कडेवर चढतो, तिरपा बसतो आणि पहिल्याच इंजिनाखाली खिळे उचकटतात. म्हणून प्रत्येक स्लीपरचा तो भाग तासणीने सपाट तासून घेतला. माझ्या मते सगळ्या कामात सर्वांत जास्त घाम इथे गाळला गेला, आणि फोटोंमध्ये तो कुठेच दिसत नाही.

मग प्रत्यक्ष त्या दिवशी काय उरलं? दर तिसऱ्या स्लीपरचा आतला खिळा उपटायचा, पहारींनी रूळ तयार खिळ्यांना नेऊन भिडवायचा, आणि दर दोन-तीन स्लीपरांमागे बाहेरून एक खिळा ठोकायचा. रूळ सांध्यातून सोडवायचेही नव्हते. फिशप्लेटनी, म्हणजे सांध्यावरच्या लोखंडी पट्ट्यांनी, जोडलेली रांग सलगच सरकते. म्हणजे माणशी साधारण २२० खिळे काढायचे आणि तितकेच घालायचे. बारा तासांच्या दिवसात दीड-पावणेदोन मिनिटांना एक. कष्टाचं आहे, अशक्य नाही. गंजलेले खिळे मोडतात, डोकी तुटतात, ते धरूनही हिशेब बसतो. तारीखही विचारपूर्वक निवडलेली होती. मे अखेर दिवस मोठा असतो आणि कापसाची वाहतूक ओसरलेली असते.

हे पहिल्यांदाच घडत होतं असंही नाही. इलिनॉय सेंट्रलने जुलै १८८१ मध्ये ओहायो नदीकाठच्या कैरोपासून न्यू ऑर्लिन्सपर्यंतचा सुमारे ५५० मैलांचा मार्ग एका दिवसात बदलला होता. मोबाईल अँड ओहायोने १८८५ च्या जुलैत तेच केलं. फेब्रुवारी १८८६ मध्ये अटलांटात दक्षिणेतल्या कंपन्यांची बैठक भरली आणि तारीख व माप ठरलं, तेव्हा कृती आजमावलेली होती.

तुमच्या शंकेत एक रास्त भाग आहे, तो वळणांचा. सरळ मार्गावर रूळ ३ इंच सरकवला तरी त्याची लांबी तीच पुरते. वळणावर नाही. बाहेरचा रूळ आत आणला की तो लहान त्रिज्येच्या वर्तुळावर येतो आणि त्याला लांबी कमी लागते. मार्ग काटकोनात वळत असेल, तर हा फरक जवळपास पावणेपाच इंच भरतो, वळणाची त्रिज्या काहीही असो. एवढा जादा रूळ सांध्यांच्या फटींत मावला तर ठीक, नाहीतर कापावा लागतो. जूनच्या दुपारी तापलेल्या रुळाच्या फटी आधीच मिटलेल्या असतात, तेव्हा जबरदस्ती केली तर रूळ बाजूला फुगतो. आतला रूळ बाहेर सरकत असेल तर उलटं होतं, सांधे उघडतात आणि तुकडा घालावा लागतो. म्हणून डोंगराळ विभागात अशी वळणं आधीच मोजून, कापलेले रूळ शेजारी ठेवावे लागतात.

आणि "पूर्ण झालं" याचा अर्थही नीट घ्यायला हवा. त्या ३६ तासांत मुख्य मार्ग आणि गाड्या बाजूला घेण्याचे गरजेचे लूप बदलले. बाकीच्या साईडिंग (डबे उभे करण्याचे बाजूचे मार्ग), उरलेले खिळे, जुन्या भोकांत लाकडी खुंट्या ठोकणं (नाहीतर पाणी मुरून स्लीपर कुजतो), हे नंतर सावकाश चाललं. आजच्या भाषेत तो दोन दिवसांचा मेगाब्लॉक होता, त्याच्या आधी आणि नंतर महिन्यांचं काम होतं.

तुम्ही रुळांबद्दलच विचारलंत, पण खरी डोकेदुखी गाड्यांची होती. मालडब्याचं त्यातल्या त्यात सोपं. अ‍ॅक्सलवर, म्हणजे दोन चाकं जोडणाऱ्या दांड्यावर, दाबाने बसवलेलं चाक हायड्रॉलिक प्रेसने दीड इंच आत सारायचं, दोन्ही बाजूंनी मिळून ३ इंच. त्यासाठी नवे अ‍ॅक्सल आधीपासूनच असे कातले जात की चाकाच्या बैठकीला आत जादा जागा राहील. बेअरिंगची जागा बदलत नाही, म्हणून बोगी, म्हणजे डब्याखालचा चाकांचा गाडा, तीच चालते. ब्रेक शू मात्र चाकाबरोबर दीड इंच आत घ्यावे लागतात. हे विसरलं तर शू चाकावर अर्धवट टेकतो आणि उतारावर ब्रेक पुरा लागत नाही.

इंजिनाचं तसं नाही. सबंध चाक आत दाबलं तर त्यावरचा क्रँकपिन, म्हणजे ज्या खुंटीला दांडा जोडलेला असतो ती, हीही दीड इंच आत जाते. सिलिंडर मात्र जागेवरच. मग सिलिंडरची ताकद चाकाला देणारा कनेक्टिंग रॉड तिरका पडतो. यावर उपाय चाक न हलवता त्याचं पोलादी टायर सरकवण्याचा. टायर भोवतीने तापवायचं, ते प्रसरण पावून सैल झालं की आत सारायचं आणि थंड होऊ द्यायचं. पण चाकाचा घेर (ज्यावर टायर बसतं तो भाग) तेवढा रुंद असेल तरच हे जमतं. दूरदृष्टीच्या कंपन्यांनी बदलाची चाहूल लागताच नवी इंजिनं रुंद घेराची मागवली होती. ज्यांच्याकडे तशी नव्हती, त्यांना लांब क्रँकपिन बसवणं किंवा चाकंच बदलणं भाग होतं. हे काम दोन दिवसांत होण्यासारखं नसतंच. म्हणून इंजिनं आणि डबे टप्प्याटप्प्याने बदलत गेले, आणि त्या दिवशी सुरुवात करण्यापुरता साठा नव्या गेजवर तयार होता.

आता ४ फूट ९ इंच. प्रमाण गेज ४ फूट साडेआठ इंच, हे तुमचं म्हणणं बिनचूक आहे. मार्च १८६३ मध्ये अमेरिकी काँग्रेसने पॅसिफिक रेल्वेसाठी तेच कायद्याने ठरवलं, आणि तेही लिंकननी आधी ५ फूट निवडलेलं असताना. पण दक्षिणेचा माल ज्या बड्या कंपनीच्या मार्गाला जुळवायचा होता, ती पेनसिल्व्हेनिया रेल्वे स्वतः ४ फूट ९ इंचांवर धावत होती, आणि तिचे डबे साडेआठ इंचवाल्या शेजाऱ्यांकडे रोज जात-येत होते. चाकाची कड आणि रूळ यांच्यात मुळातच थोडी मोकळीक ठेवलेली असते, अर्धा इंच त्यात खपतो. पुढे नेहमीच्या दुरुस्तीत हे मार्ग हळूहळू साडेआठ इंचांवर आले.

दीड इंच मात्र खपत नाही. ४ फूट साडेआठ आणि ४ फूट १० या दोन्ही गेजांवर चालावेत म्हणून रुंद पट्टीच्या चाकांचे 'तडजोडीचे डबे' काढले होते. डिसेंबर १८६७ मध्ये न्यूयॉर्क राज्यातल्या अँगोलाजवळ असाच एक डबा पुलाशी रुळावरून उतरून खाली कोसळला. शेगड्यांनी पेट घेतला आणि पन्नासच्या आसपास माणसं गेली. अर्धा इंच आणि दीड इंच यांना एकाच तराजूत घालू नका, एवढंच माझं म्हणणं आहे.

आपल्याकडच्या तुलनेने वाईट वाटलं, कारण आपल्या इंजिनिअरांवर तो अन्याय आहे. दक्षिणेत गेज ३ इंचांनी अरुंद झालं. अरुंद करताना जुना स्लीपर पुरतो, पूल, बोगदे, फलाट सगळं पुरतं, मार्गाचा मध्य दीड इंच सरकतो इतकंच. मिरज-लातूरच्या बार्शी लाईटचं गेज २ फूट ६ इंच होतं, ते ५ फूट ६ इंच करायचं म्हणजे ३ फुटांनी रुंद. मीटरगेजवरून यायचं तरी सव्वादोन फूट. स्लीपर नवे, रूळ जड, खडी जादा, भराव रुंद, पूल नव्या वजनाला तपासून बांधायचे, वळणं सैल करायची, डबे आणि इंजिनं तर वेगळीच. तो नवा मार्ग बांधण्याचाच प्रकार आहे. १९९२ मध्ये युनिगेज, म्हणजे सगळीकडे एकच गेज करण्याची योजना, जाहीर झाली आणि काम पुढे अनेक वर्षं चाललं, त्यात आळस शोधण्याचं कारण नाही.

राहिला फायद्याचा प्रश्न, आणि तो विचारलात हे बरं केलंत. पहारी आणि घण चालवणारे दक्षिणेतले गँगमन बहुसंख्य कृष्णवर्णीय मजूर होते. कंपन्यांच्या अहवालांत मैल आणि माणसांचा आकडा असतो, माणसांची नावं नसतात. व्यापाऱ्यांची मालाची उचल-ठेव वाचली. जिथे गेज बदलायचं तिथे डब्यांच्या बोगी बदलण्याचा किंवा माल एका डब्यातून दुसऱ्यात भरण्याचा वेळ आणि खर्च गेला, आणि उत्तर-दक्षिण वाहतूक जहाजांकडून रेल्वेकडे वळली. दर मात्र त्या मानाने उतरले नाहीत. याचं कारण सदर्न रेल्वे अँड स्टीमशिप असोसिएशन. १८७५ मध्ये उभ्या राहिलेल्या या संघटनेत रेल्वे आणि जहाज कंपन्या एकत्र बसून दर ठरवत. इतक्या कंपन्या एकाच पहाटे खिळे उपटायला लागल्या, त्यामागे याच संघटनेची घडी होती, आणि वाचलेला पैसा गिऱ्हाइकाच्या खिशात पडू नये ही व्यवस्थाही तिचीच. पुढच्याच वर्षी, १८८७ मध्ये, आंतरराज्य वाणिज्य कायद्याने कंपन्यांमध्ये वाहतूक आणि उत्पन्न वाटून घेण्यावर बंदी घातली. दर एकत्र बसून ठरवण्याची पद्धत त्यानंतरही बराच काळ चालली.