भांगडा ‘बाटवला’ म्हणणाऱ्यांना उत्तर

बैसाखी जवळ आली की एक मजकूर हमखास फिरू लागतो: भांगडा पाच हजार वर्षांचा, शेतातून जसाच्या तसा रंगमंचावर आलेला, मुंबईच्या सिनेमाने आणि परदेशातल्या पोरांनी तो बाटवला.

‘जसाच्या तसा’ हे तर साफ चूक. जुना भांगडा सगळ्या पंजाबचाही नव्हता. तो सियालकोट, गुजरांवाला, गुरदासपूर या पट्ट्यातला. गहू पिकण्याच्या दिवसांत मधोमध ढोलवाला उभा राही आणि गावचे पुरुष त्याच्याभोवती रिंगण धरत. वाटेल त्याने आत शिरावं, दमला की बाहेर पडावं. समोर प्रेक्षक असा नसेच. फाळणीत या पट्ट्याचा मोठा भाग पाकिस्तानात गेला.

आज स्टेजवर दिसतो तो भांगडा 1950च्या दशकात तेव्हाच्या पेप्सू (पतियाळा आणि पूर्व पंजाबातल्या संस्थानांचा संघ) राज्यात घडला. सुनामचे मनोहर दीपक, त्यांचे भाऊ आणि ढोलवादक भानाराम यांनी झुमर, लुड्डी अशा निरनिराळ्या नाचांच्या चाली एकत्र आणल्या. रिंगण मोडून रांगा आल्या, तोंडं प्रेक्षकांकडे वळली. दिल्लीच्या प्रजासत्ताक दिन सोहळ्यामुळे तो देशभर पोचला. ‘पाच हजार वर्षं’ म्हटलं की या माणसांची मेहनत पुसली जाते. मला चीड येते ती याची.

सिनेमाने बाटवला म्हणावं, तर 1957च्या ‘नया दौर’मध्ये खुद्द मनोहर दीपकच नाचले आहेत. त्यातल्या ‘ये देश है वीर जवानों का’ या गाण्यावर आपल्याकडच्या वरातीही नाचतात. स्टेजवरचा भांगडा तेव्हा काही वर्षांचाच होता. सिनेमा त्याच्या घडणीतच होता.

मुलींनी भांगडा करू नये, त्यांच्यासाठी गिद्धा हा बायकांचा नाच आहे, हे म्हणणंही तसंच. रिंगण मोडलेलं चालतं, मग मुली का चालत नाहीत?

परदेशाबद्दल मात्र एक तक्रार खरी आहे. अमेरिका-कॅनडातल्या स्पर्धांत बहुतेक संघ तयार ट्रॅकवर नाचतात. जिवंत ढोलावर वादकाची नजर नाचणाऱ्यांच्या पायांवर असते. डग्गा या जाड काठीचा ठोका आणि तिल्ली या बारीक काठीची थरथर यांतून तो त्यांना चढवतो, दम लागलेला दिसला की लय सावरतो. ट्रॅक कुणासाठी थांबत नाही. टीका करायचीच असेल तर या ढोलवाल्याला पुन्हा स्टेजवर घ्या अशी करा. पंजाबातल्या कॉलेजांच्या युवक महोत्सवांत तो अजून उभा असतो.