"नावाने शोधा" म्हणे. कोणाच्या नावाने, आणि कोणी लिहिलेल्या?

डोकं फिरलंय म्हणून लिहितोय, कोणाला लांबण वाटली तर पुढे सरका. या देशात ज्या ज्या सरकारी साइटवर "नावाने शोधा" अशी चौकट आहे ना, ती चौकट काढून टाका, खरंच काढून टाका, किमान माणूस आशेने तरी बसणार नाही तिच्यासमोर.

माझं आडगाव नाक्याकडे बॅटरीचं दुकान आहे. द्राक्षवाल्यांचे फवारणीचे बॅटरी पंप, इन्व्हर्टर, थोड्याफार ई-रिक्षा. सीझनला छाटणी झाली की दिंडोरी, निफाड, पिंपळगाव साइडची माणसं पंप घेऊन येतात, आत लेड अॅसिडची जुन्या पद्धतीची बॅटरी बसलेली असते, दोन सीझन झाले की मेलीच समजा. आता सगळ्यांना लिथियम पाहिजे. तर एक जण आला, टापटीप, लॅपटॉपची बॅग, हातात १२.८ व्होल्टचा पॅक, वर चकचकीत स्टिकर "पेटंटेड टेक्नॉलॉजी" आणि खाली १२ आकडी नंबर. म्हणे शेठ, नाशिक जिल्ह्याची डीलरशिप तुम्हालाच, फक्त डिपॉझिट भरा. रक्कम सांगत नाही, पण ती ऐकून बायकोने चहाचा कप खाली ठेवला. आमचे साहेब स्वतः इन्व्हेंटर आहेत, सटाण्याकडचे, सोनवणे, प्लांट पण स्वतःच्या जागेवर दिंडोरी तालुक्यात. वा. आपला माणूस, आपला जिल्हा. आता एवढे पैसे द्यायचे तर माणसाने बघू नये का की हा सोनवणे खरंच इन्व्हेंटर आहे का, का नुसतं स्टिकर छापलंय? पेटंट म्हणजे सार्वजनिक रेकॉर्ड. कंपनीचे डायरेक्टर सार्वजनिक रेकॉर्ड. सातबारा सार्वजनिक रेकॉर्ड. मग म्हटलं बसू रात्री शटर ओढल्यावर.

सोनवणे. बागलाण तालुक्यात दगड मारला तर सोनवण्याला लागेल. आणि इंग्रजीत सोनवणे लिहायचं कसं? डब्ल्यू का व्ही? मधे ए आहे का नाही? एकाच घरात बापाचं पॅन कार्ड डब्ल्यूवालं, पोराची मार्कशीट व्हीवाली, असं मी डोळ्याने बघितलंय. पेटंटच्या साइटला "जवळपास असं काहीतरी" हा प्रकार माहीतच नाही. एक अक्षर इकडचं तिकडे झालं की निकाल शून्य. बरं नुसतं आडनाव टाकलं तर अख्ख्या महाराष्ट्रातले सोनवणे अंगावर येतात, त्यात निम्म्यांच्या नावाच्या रकान्यातच "मिस्टर", "डॉ.", "प्रोफेसर" हे पण नाव म्हणून टाकलेलं. कोणाचं आडनाव आधी, कोणाचं शेवटी, कोणाची नुसती दोन इनिशियल. मधे बापाचं नाव कधी आहे, कधी नाही. आणि दरवेळी तो कॅप्चा, वाकडी अक्षरं, एस आहे का ५ हे देवाला माहीत, चुकला की वर भरलेलं सगळं साफ. पहिल्यापासून भरा.

हा रोग आजचा नाही बरं का. आपले शंकर आबाजी भिसे, मुंबईचे, टाइप ओतायच्या मशीनवाले, ज्यांना भारताचे एडिसन म्हणतात. १९३५ ला न्यूयॉर्कला वारले. त्यांची जुनी पेटंट "भिसे" म्हणून शोधत बसाल तर हाताला लागणार नाहीत. तिकडे ते "शंकर आबाजी बिसी" वाटेल अशा स्पेलिंगने नोंदलेत, शंकरमध्ये पण ए च्या जागी यू. एवढ्या मोठ्या माणसाची ही कथा, तर आमच्या सटाण्याच्या सोनवण्याला कोण विचारतंय. मधल्या शंभर वर्षांत कॉम्प्युटर आला, इंटरनेट आलं, आणि आपण काय केलं तर तीच कागदी बोंब स्क्रीनवर आणून ठेवली.

मग मी डोकं चालवलं, नाव सोडलं, बॅटरीकडून गेलो. पेटंटमध्ये बॅटरीचा वर्ग ठरलेला असतो, एच०१एम. जगात कुठेही केलेलं असो, सेल, इलेक्ट्रोड, सेपरेटर, केसिंग, बहुतेक सगळं त्यात येतं. तो वर्ग आणि महाराष्ट्र असं करून चाळायला लागलो. आणि काय सांगू, त्यात खरं काम करणाऱ्यांपेक्षा कॉलेजवालेच जास्त दिसायला लागले! एका अर्जावर दहा-दहा प्राध्यापक, एक कोपरगावचा, एक कोइमतूरचा, एक भोपाळचा, एकमेकांना कधी भेटले असतील का शंकाच, आणि विषय काय तर "स्मार्ट बॅटरी मॅनेजमेंट युजिंग एआय". फाइल करायचं, लवकर प्रकाशित करा म्हणून फॉर्म ९ भरायचा, महिन्याभरात पेटंट ऑफिसच्या जर्नलमध्ये नाव आलं की झालं काम, बायोडेटात "पेटंट" म्हणून टाकायचं. पुढे तपासणीची मागणी केली नाही तर अर्ज आपोआप मागे घेतल्यासारखा धरतात, ते कोणी बघत नाही. या कचऱ्यात माझा सोनवणे शोधायचा होता. माझ्या शोधात त्याच नावाचे, अगदी बापाच्या नावासकट तेच नाव, असे एकाहून जास्त निघाले, आणि यातला लॅपटॉपच्या बॅगवाल्याचा साहेब कोणता हे सांगायला त्या रेकॉर्डमध्ये काहीही नाही.

म्हणजे बघा, कंपनीच्या डायरेक्टरला नंबर असतो, डिन, ८ आकडी, आयुष्यभर तोच. कंपनीला नंबर. जमिनीला गट नंबर. माझ्या दुकानाला जीएसटी नंबर. आणि ज्या माणसाने शोध लावला म्हणता, त्याला काय? नुसतं नाव. अक्षरं. टायपिस्टने जशी मारली तशी.

आणि चीड कुठे येते माहितीये का? जे नको ते मात्र सगळं उघडं आहे. अर्जाचा तपशील उघडला की इन्व्हेंटरचा घरचा पत्ता पण समोर. फ्लॅट नंबर, सोसायटी, कशाच्या मागे. अरे मला नकोय तो पत्ता! मी काय त्याच्या घरी जाऊन बसणार आहे का? मला एवढंच हवंय की हा सोनवणे आणि तो सोनवणे एकच आहे का. ते सांगायची सोय नाही, पण कोणा बिचाऱ्या संशोधक बाईच्या घराचा पत्ता रस्त्यावरच्या कोणालाही बघता येतो. कोणाच्या डोक्यातून निघालंय हे?

जमिनीचं तर विचारूच नका. सातबारा नावाने शोधता येतो, हो येतो की. आधी विभाग निवडा, मग जिल्हा, मग तालुका, मग गाव. गाव! अहो गाव माहीत असतं तर नावाने कशाला शोधलं असतं? दिंडोरी तालुक्यात गावं किती आहेत माहितीये का, एकेक गाव निवडून आडनाव टाकत बसू का मी? त्यात पुन्हा मोबाईल नंबर द्या, पुन्हा कॅप्चा. आणि जमीन खरंच त्याच्या घराण्याची असली तरी वारस नोंद लागली नसेल तर तिथे अजून आजोबाच असणार, सोबत चुलते, आत्या, सामाईक सगळे. इंग्रजी स्पेलिंगची भानगड मराठीत नसेल वाटलं होतं, तर इथे ण चा न. सोनवने. हे लोक महाराष्ट्रात बसून मराठी आडनाव मराठीत चुकवतात, काय बोलायचं. बरं आता १ मे २०२४ नंतर जन्मलेल्या पोरांच्या नावात आईचं नाव पण लागणार, मुलाचं, मग आईचं, मग बापाचं, मग आडनाव. चांगलंच आहे, आईचं नाव यायलाच पाहिजे, त्याबद्दल तक्रार नाही. पण पुढे वीस वर्षांनी त्या पोराला शोधणारा या चौकटीत काय काय आणि कुठल्या क्रमाने टाकेल, याचा विचार कोणी केलाय का? नसणारच.

मेव्हणा म्हणे मतदार यादी बघ ना, सटाण्याची. तिथे मात्र मी हात जोडले. एक तर पीडीएफ म्हणजे नुसते फोटो, आत नाव टाकून शोधता येत नाही. शोधता येईल अशी यादी द्या म्हणून प्रकरण सुप्रीम कोर्टापर्यंत गेलेलं, २०१८ ला कोर्टाने नाही म्हटलं. आणि खरं सांगू, ते मला पटतं. मतदार यादी मतदानासाठी आहे, कोणाच्या घरात किती माणसं आणि त्यांची वयं काय हे बॅटरीवाल्याने बघत बसायला नाही. जे झाकायला पाहिजे ते झाका की, कोण नाही म्हणतंय. पण जो माणूस "मी इन्व्हेंटर" म्हणून बाजारात पैसे मागतो त्याची ओळख तरी धड ठेवा!

याउलट आमच्या पंचवटीत नाहीतर त्र्यंबकला जा. तीर्थपुरोहितांकडे लांबलचक वह्या असतात. आडनाव सांगा, मूळ गाव सांगा, गुरुजी फडताळातून वही काढणार, बोट फिरवत जाणार आणि तुमचे पणजोबा कोणत्या साली कोणाच्या अस्थी घेऊन आले होते ते वाचून दाखवणार, खाली त्यांची मोडीतली सही. वडिलांच्या वेळी मी गेलो तेव्हा माझ्या चुलत आजोबांच्या ज्या भावाचं नाव घरात कोणालाच आठवत नव्हतं तो पण निघाला वहीत. कॅप्चा नाही. ओटीपी नाही. कारण त्यांना कळलंय की नुसत्या नावाने माणूस सापडत नसतो, नाव, गाव, बाप, भाऊ हे सगळं एकत्र बांधून ठेवावं लागतं, आणि दरवेळी जो येईल त्याच्याकडून पुढची नोंद करून घ्यावी लागते. शाईने लिहिणाऱ्याला जे जमलं ते यांना सर्व्हरवर जमेना.

असो. त्या १२ आकडी नंबरचं सांगायचं राहिलं. शेवटी नाव गेलं खड्ड्यात म्हणून स्टिकरवरचा नंबरच टाकला, तर लगेच उघडलं. आणि इथे तुम्ही पण कान देऊन ऐका, उद्या तुमच्या दुकानात पण येतील हे लोक. हल्लीच्या त्या नंबरात पहिले ४ आकडे साल असतं, मग एक आकडा ऑफिसचा, मुंबईला २, मग एक आकडा अर्जाच्या प्रकाराचा, मग अनुक्रम. म्हणजे तो नंबर अर्जाचा आहे. अर्जाचा! मंजूर पेटंटचा नंबर वेगळा असतो, तो १२ आकडी नसतो. अर्ज तर १८ महिन्यांनी आपोआप प्रकाशित होतो, त्यात कौतुक काय? मिळालं नसताना पेटंट मिळालंय म्हणून माल विकला तर कायद्याने दंड आहे, १९७० च्या पेटंट कायद्यात कलम १२० आहे त्यासाठी. स्टिकर छापणाऱ्याला त्याचं काय.

आत दावे वाचले, म्हणजे नवीन काय शोधलंय म्हणून अर्जात लिहितात ते. मला वाटलं काहीतरी केमिस्ट्री असेल, निदान बीएमएसचं, म्हणजे बॅटरी सांभाळणाऱ्या सर्किटचं काही. दावा क्रमांक एक: प्लॅस्टिकची पेटी, तिला वर दुमडणारी कडी, बाजूला हवेसाठी तिरक्या खाचा. बस. आत सेल कोणते, तर बाजारात मिळतात तेच लिथियम आयर्न फॉस्फेटचे, ३.२ व्होल्टचे ४ सिरीजमध्ये. त्या आयर्न फॉस्फेटवर १९९७ ला टेक्सासच्या प्रयोगशाळेतून पेपर आला, पाधी, नंजुंडस्वामी आणि गुडइनफ, तेच गुडइनफ ज्यांना ९७ व्या वर्षी २०१९ चं नोबेल मिळालं. त्यांचं अमेरिकन पेटंट १९९९ चं, ते पण कधीच संपलं. म्हणजे सेल जगाचे, केमिस्ट्री टेक्सासची, आणि आमच्या साहेबांची काय तर कडी. आणि त्या कडीचा इन्व्हेंटर म्हणून नाव कोणाचं? एक सोनवणे आहे खरा, पण बापाचं नाव बॅगवाल्याने दिलेल्या साहेबांच्या कार्डावरच्या इनिशियलशी जुळत नाही. भाऊ असेल, चुलत असेल, टायपिंगची चूक असेल, नाहीतर सरळ दुसराच कोणी असेल ज्याला पत्ता पण नाही. डायरेक्टरच्या यादीत व्हीवालं स्पेलिंग, पेटंटमध्ये डब्ल्यूवालं. जुळवा आता.

बॅगवाल्याला फोन केला. म्हटलं साहेबांचं पूर्ण नाव स्पेलिंगसकट पाठवा, अर्जावर तुमचेच साहेब आहेत याचा काहीतरी कागद पाठवा आणि ग्रँट झालं असेल तर सर्टिफिकेटचा फोटो टाका. तर म्हणे, शेठ, एवढं काय, साहेबांचं नाव गुगल करा ना.

गुगल करा ना!

डिपॉझिट दिलेलं नाही. तो सॅम्पलचा पॅक अजून काउंटरखाली पडलाय, न्यायला पण कोणी येत नाहीये. कडी मात्र पहिल्याच दिवशी तुटली.