सुइलसच्या लेखावर आलेल्या प्रतिक्रियेला उत्तर, जरा लांबलंय

नमस्कार. सुइलस या भूछत्रांच्या गटावरच्या माझ्या लेखाखाली काल रात्री एक मोठी प्रतिक्रिया आलीय, तिला तिथेच दोन ओळी लिहून मोकळं व्हायचं ठरवलं होतं, पण लिहायला बसलो आणि थांबवेना, म्हणून वेगळं टाकतोय. ज्यांनी ती वाचली नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. त्यांचं म्हणणं असं की टोपीखाली गिल्सऐवजी, म्हणजे पातळ पात्यांऐवजी, छिद्रं असली की ते बोलीट, आणि बोलीट म्हटलं की कुल, म्हणजे घराणं, बोलेटेसी, मग सुइलसला वेगळं कुल देऊन वर त्याचं नातं गोम्फिडियस या गिल्सवाल्या भूछत्राशी जोडणं म्हणजे वाचकांना उगाच गोंधळात टाकणं. शिवाय देठावरच्या कड्याबद्दलचं वाक्य चुकलंय, बीजाणूंची मापं दिलेली नाहीत, झाडावरून जात ओळखायचा सल्ला धोक्याचा आहे, फस्कोबोलेटिनस या जवळच्या प्रजातीचा उल्लेखच नाही. आणि सगळ्यात शेवटी हे: "हे सगळं नेटवरून उचललेलं दिसतंय, लेखकाने आयुष्यात एक तरी सुइलस हातात धरलंय का अशी शंका येते."

कड्याचं आधी. तिथे तुमचं बरोबर आहे. "सुइलसच्या देठावर कडं असतं" असं मी सरसकट लिहिलं, ते "बऱ्याच जातींच्या देठावर" असं हवं होतं. सुइलस ग्रॅन्युलेटसला कडं नसतं, बोव्हिनसला नसतं, ब्रेव्हिपेसलाही नसतं. सकाळीच दुरुस्त केलंय. चूक दाखवली त्याबद्दल आभार, आणि हे मी मनापासून म्हणतोय.

पण ते शेवटचं वाक्य. अहो, लेखात चूक असेल तर चूक म्हणा ना, माणूस जंगलात गेलाय की नाही हे तुम्ही कशावरून ठरवलंत? तुम्ही नाव लिहिलेलं नाही, आपली ओळख नाही, आणि पहिल्याच भेटीत "उचललेलं" हा शब्द! मला तो जास्त लागला त्याला कारण आहे. काही वर्षांपूर्वी माझ्या ओळखीतल्या एकाने माझे फोटो आणि माझी टिपणं स्वतःच्या नावाने एका कार्यक्रमात दाखवली होती, मी समोरच्या खुर्चीत बसून ते बघितलंय आणि काही बोललो नव्हतो. तेव्हापासून मी लेखात स्वतः न बघितलेल्या जातीचं वर्णन करत नाही, करावंच लागलं तर "वाचलेलं" असं स्पष्ट लिहितो. तुम्ही लेख नीट वाचला असतात तर दोन ठिकाणी तसं लिहिलेलं दिसलं असतं.

आणि हातात धरलंय का म्हणाल, तर ऐका. पहिलं सुइलस ल्युटियस मी धरलं तेव्हा त्याचं नावही मला माहीत नव्हतं, सोळा वर्षं झाली त्याला. पाऊस होऊन गेल्यावर चार-पाच दिवसांनी पाइनखाली चालत होतो, एके ठिकाणी सुयांचा थर जरासा फुगलेला दिसला, सुया बाजूला केल्या तर खाली चॉकलेटी टोपी, आणि तिच्यावर इतका बुळबुळीत थर की धरायला गेलो तर बोटं घसरली. टोपीला सुया चिकटलेल्या, काढायला गेलं तर सुईबरोबर सालच निघून येत होती. उलटं करून बघितलं तर छिद्रं दिसेनात, टोपीच्या कडेपासून देठापर्यंत पांढरा पडदा ताणलेला, नखाने जरा ढकलला तर तो कडेपासून सुटला आणि आत लिंबासारखा पिवळाधमक रंग. सुटलेला पडदा देठालाच चिकटून राहिला, तेच त्याचं कडं, खालच्या बाजूने जांभळट. कड्याच्या वर देठावर बारीक ठिपके. ते ठिपके म्हणजे पेशींचे झुपके असतात आणि त्यांच्यावर राळेसारखा तपकिरी पदार्थ जमतो, हे मला पुढे जुना मायक्रोस्कोप घेतल्यावर कळलं. त्या दिवशी फक्त एवढंच कळलं की असलं काही आपण आधी बघितलेलं नाही. आज घरी कागदी पाकिटांत वाळवलेले नमुने आहेत, प्रत्येकावर तारीख आणि कुठल्या झाडाखाली सापडलं ते लिहिलेलं. हे नेटवरून उचलता येत नाही.

आता गोम्फिडियस, कारण तुमचा खरा आक्षेप तिथे आहे आणि "छिद्रं म्हणजे बोलेटेसी" हे तुम्ही अशा सुरात लिहिलंय की जणू मी नवीनच काहीतरी काढलंय. मी काहीही काढलेलं नाही. वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियसने १७५३ मध्ये ल्युटियसला बोलेटस या प्रजातीतच टाकलं होतं, तेव्हा छिद्रंवालं जवळपास सगळंच बोलेटस होतं. ब्रिटिश शास्त्रज्ञ ग्रेने १८२१ मध्ये सुइलस ही प्रजाती वेगळी मांडली, तरी पुढे किती तरी काळ ती बोलेटेसी कुलातच राहिली, जुन्या पुस्तकांत तुम्हाला तसंच सापडेल आणि बहुतेक तुम्ही तिथूनच आलात. मग १९८९ मध्ये ब्रन्स आणि त्याच्या सहकाऱ्यांनी मायटोकॉन्ड्रियातला डीएनए तपासून दाखवलं की सुइलसचा अगदी जवळचा नातेवाईक रायझोपोगॉन आहे. रायझोपोगॉन बघितलंय कधी? जमिनीखाली छोट्या बटाट्यासारखा गोळा असतो, त्याला टोपी नाही, देठ नाही, नळ्या नाहीत. छिद्रांवरूनच कुल ठरवायचं तर तो गोळा तुम्ही कुठे ठेवणार? १९९७ मध्ये बेस्ल आणि ब्रेसिन्स्की यांनी रसायनांच्या अभ्यासावरून सुइलेसी हे कुल मांडलं आणि सुइलस नि गोम्फिडियस या दोघांची कुलं एकाच उपगणात, म्हणजे कुलांच्या वरच्या गटात, शेजारी बसवली. पुढचा डीएनएचा अभ्यासही त्याच बाजूने गेला.

उलटं उदाहरण पण आहे, आणि ते मी मूळ लेखात द्यायला हवं होतं. फायलोपोरस. टोपीखाली सरळ गिल्स, लांबून कुणीही साधं गिल्सवालं भूछत्र म्हणेल, आणि ते आहे बोलेटेसीत. म्हणजे गिल्सवालं बोलेटेसीच्या आत आणि छिद्रंवालं सुइलस बाहेर. नळ्या, गिल्स, बंद गोळा ही बीजाणू तयार करायची आणि पसरवायची रचना आहे, ती या गणात पुन्हा पुन्हा बदललीय, तिच्यावर घराणं ठरवता येत नाही. यात वाचकांचा गोंधळ होतो असं तुम्ही म्हणता, पण गोंधळ होऊ नये म्हणून चुकीचं सांगायचं का?

आणि मी हे नुसतं वाचून लिहीत नाही. स्कॉट्स पाइनखाली एकदा सुइलस बोव्हिनसचा मोठा घोळका सापडला, आणि त्यांच्यामध्ये दोन-तीन गुलाबी टोप्या, गोम्फिडियस रोझियस. मी पोटावर पडून चाकूने हळूहळू माती काढत गेलो, अर्धा तास तरी लागला असेल, तर एका ठिकाणी दोघांचे देठ तळाशी एकमेकांना चिकटलेले निघाले, एक छिद्रंवालं, एक गिल्सवालं, एकाच बुंध्यातून आल्यासारखे. गुलाबीच्या गिल्स देठावर खालपर्यंत उतरलेल्या. गोम्फिडियस तिथे सुइलसच्या धाग्यांवर जगत असतं, पाइनवर थेट नाही. शेजारी उगवलं म्हणजे नातं झालं असं मी म्हणत नाहीये, तेवढं मलाही कळतं, नातं डीएनएने ठरलंय. पण ज्याने ती जोडी मातीतून स्वतः काढलीय त्याला "एक तरी हातात धरलंय का" असं विचारणं मला पटलेलं नाही आणि पटणारही नाही.

बाकीचे मुद्दे. फस्कोबोलेटिनस १९९६ मध्येच डीएनएच्या आधारावर सुइलसमध्ये विलीन झालंय, वेगळा उल्लेख कशाला हवा. बीजाणूंची मापं दिली नाहीत कारण हा सगळ्यांसाठी लिहिलेला लेख आहे, प्रबंध नाही. झाडाबद्दल म्हणाल तर सुइलस पाइनच्या घराण्यातल्या झाडांच्या मुळांशी जोडलेलं असतं, ग्रेव्हिलाय लार्चखाली, ल्युटियस पाइनखाली, दक्षिण गोलार्धात पाइनची रोपं नेली तेव्हा त्यांच्या मुळांबरोबर सुइलसही गेलं आणि चिलीत तर एकट्या ल्युटियसच्या जोरावर पाइन लागवडीबाहेर पसरतोय, इतकं हे नातं घट्ट आहे. मिश्र जंगलात कुणाची मुळं कुठपर्यंत गेलीत ते कळत नाही असं तुम्ही लिहिलंत, ठीक आहे, पण मी नवशिक्यांसाठी पहिली पायरी सांगत होतो, त्यावर वाद घालत बसायची माझी इच्छा नाही.

शेवटी एक विनंती. पाइनखाली सापडलेल्या "चिकट टोपीच्या, कडंवाल्या बोलेटस"चे फोटो तुमच्याकडे आहेत असं तुम्ही लिहिलंय. ते टाका. टोपीचा वरून काढलेला नको, देठाचा जवळून हवा, कड्याच्या वरच्या भागाचा, आणि फोटो काढायच्या आधी तिथली माती पुसून घेतलेली असावी. तिथे ठिपके आहेत का एवढंच मला बघायचंय.