असई: ‘मूठभर इंग्रज आणि पळपुटे मराठे’ ही गोष्ट खोटी आहे

आर्थर वेलस्ली, म्हणजे पुढे वॉटर्लूला नेपोलियनला हरवणारा आणि इंग्लंडचा पंतप्रधान झालेला ड्यूक ऑफ वेलिंग्टन. त्याच्याविषयीचा एक मजकूर समाजमाध्यमांवर सारखा फिरत असतो. 23 सप्टेंबर 1803 रोजी असईला (आजचा जालना जिल्हा) त्याने मूठभर इंग्रजांनिशी 50 हजार मराठ्यांना सहज उधळलं. मराठ्यांकडे ना शिस्त होती ना धड तोफा. आणि हा माणूस निव्वळ कर्तबगारीवर वर चढला. आपलीच माणसं हे खरं मानून पुढे पाठवतात, म्हणून सविस्तर उत्तर द्यावंसं वाटलं.

मूठभर इंग्रज कोण होते ते आधी बघू. पायदळात गोऱ्यांच्या दोनच पलटणी होत्या, 74वी आणि 78वी, आणि त्या दोन्ही स्कॉटिश हायलँडरांच्या. घोडदळात 19वी ड्रॅगून, म्हणजे गोऱ्या स्वारांची पलटण. बाकी पलटणी आणि रिसाले मद्रासकडच्या देशी शिपायांचे. शिवाय म्हैसूरचे आणि पेशव्यांचे स्वार नदीपलीकडे राखणीला होतेच. पेशवे वसईच्या तहाने इंग्रजांच्या बाजूला गेले होते, हे त्या मजकुरात कुठेच येत नाही. आणि 50 हजारांतला मोठा भाग शिंदे आणि नागपूरकर भोसल्यांच्या मोकळ्या घोडदळाचा होता. प्रत्यक्ष झुंज दिली ती शिंद्यांच्या चाकरीतल्या पोलमन या हॅनोव्हरच्या (जर्मन) माणसाच्या हाताखालच्या कवायती पायदळाने आणि तोफखान्याने. ते पायदळ साधारण 11 हजार.

‘शिस्त नव्हती’ हा आरोप तर मुळीच टिकत नाही. केळणा नदीचा उतार, म्हणजे नदी ओलांडता येईल अशी उथळ जागा, वेलस्लीने हेरला. वाटाडे उतार नाही म्हणत होते, पण दोन्ही काठांवर समोरासमोर गावं दिसल्यावर त्याने ताडलं की येण्याजाण्याची वाट असणारच. ही त्याची हुशारी मान्यच करायला हवी, आणि तो उतार मोकळा सोडणं ही शिंद्यांच्या बाजूची मोठी चूक होती. पण इंग्रज फौज बगलेवर येते आहे म्हटल्यावर पोलमनने अख्खी रांग फिरवून तिच्यासमोर उभी केली. भर लढाईत हजारोंच्या पायदळाचं तोंड वळवणं बेशिस्त जमावाला जमत नाही.

तोफांचं म्हणाल, तर 74व्या पलटणीला विचारावं. आघाडीची तुकडी वाट चुकून असई गावाकडे सरकली, ही पलटण तिच्यामागे गेली आणि दोघी तोफांच्या थेट तोंडी सापडल्या. सुमारे 500 जणांतले चारशेच्या आसपास ठार किंवा जखमी झाले. उरलेल्यांनी मेलेल्यांच्या आडोशाने तग धरला, तेव्हा कुठे घोडदळ मदतीला धावून आलं. दुसरीकडे इंग्रजांची रांग तोफा ओलांडून पुढे गेली, तेव्हा मेल्याचं सोंग घेऊन पडलेले मराठ्यांचे गोलंदाज (तोफा डागणारे) उठले आणि त्याच तोफा फिरवून त्यांनी पाठीमागून मारा केला. वेलस्लीचा स्वतःचा एक घोडा गोळीने पडला, दुसऱ्याला भाला लागला.

‘सहज’ म्हणणाऱ्यांनी हा आकडा बघावा: इंग्रजांच्या बाजूचे 1,584 जण ठार, जखमी किंवा बेपत्ता. झुंजीत उतरलेल्या साडेचार हजारांतला तिसरा हिस्सा. पाठलाग करायचंही त्राण फौजेत उरलं नव्हतं. इतका फायदा होणार असला तरी एवढी हानी पुन्हा बघायची इच्छा नाही, असं वेलस्लीने स्वतः लिहून ठेवलं. कर्नल स्टीव्हनसनची दुसरी इंग्रज फौज येईपर्यंत का थांबला नाहीस, असा सवाल टॉमस मन्रोसारख्या कंपनीच्याच अधिकाऱ्याने केला होता. आणि म्हातारपणी, लढाईतली तुमची सर्वांत चांगली कामगिरी कोणती असं विचारल्यावर त्याने वॉटर्लूचं नाव घेतलं नाही, असईचं घेतलं.

कर्तबगारी होतीच, पण निव्वळ कर्तबगारी नव्हे. तो आयर्लंडच्या सरदार घराण्यातला. लष्करातली बढती तेव्हा विकत मिळे, तशी त्याने घेतली. असईच्या वेळी गव्हर्नर जनरल होता त्याचा सख्खा थोरला भाऊ रिचर्ड.

मराठ्यांच्या तोफांची धास्ती असईनंतर संपली, असंही नाही. 29 नोव्हेंबरला वऱ्हाडात अडगावला तोफा धडाडू लागताच, असईत पाय रोवून लढलेल्या शिपायांच्या तीन पलटणी मागे पळाल्या. वेलस्लीने स्वतः जाऊन त्यांना सावरलं, आणि आपण तिथे नसतो तर लढाई हातची गेली असती, असं नंतर पत्रात लिहिलं.